पत्र्याखालची हवा

वैशाखात दुपारी दोनच्या सुमाराला पत्र्याच्या घरात स्टुलावर उभं राहून हात वर करून पाहा. पत्र्याला हात लावायचा नाही, वीतभर खाली थांबवायचा. तळहाताला दोन वेगवेगळ्या गोष्टी जाणवतात. एक म्हणजे तिथली हवा खालच्या हवेपेक्षा कितीतरी गरम आहे. दुसरी म्हणजे हवा बाजूला ठेवली तरी पत्र्याकडून थेट काहीतरी अंगावर येतंय, चुलीसमोर बसल्यावर तोंड भाजतं आणि पाठ मात्र गार राहते, तसं. या दोन्ही उष्णता एकाच पत्र्यातून येतात, पण त्यांचे रस्ते निराळे आहेत आणि त्यांच्यावरचे उपायही निराळे. पत्र्याच्या घरासाठी केलेला बराचसा खर्च वाया जातो, तो या दोहोंची गल्लत झाल्यामुळे.

पत्रा गरिबीमुळे आला असं सरसकट म्हटलं जातं, ते अर्धंच खरं आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपात दगडमातीच्या भिंती आणि त्यांच्यावरची जड माळवदं झोपलेल्या माणसांवर कोसळली. फूटभर मातीचं माळवद चौरस मीटरला चार-पाचशे किलो भरतं. अर्धा मिलिमीटर जाडीचा लोखंडी पत्रा त्याच जागेत जेमतेम चार किलोचा. त्या रात्रीनंतर लातूर-उस्मानाबादकडच्या माणसांना डोक्यावर हलकं छप्पर हवंसं वाटलं, यात नवल काय? कोकणात कारण वेगळं. तिथं माकडं कौलांवर नाचतात, दरवर्षी कौलं फुटतात, आणि ती परतायला आता माणूस मिळत नाही. म्हणून कौलं उतरवून त्याच वाशांवर पत्रे चढले. शहरांत गळक्या स्लॅबवर पत्र्याची शेड आली. पत्रा हलका आहे, पटकन चढतो, नीट बसवला तर गळत नाही. त्याला नावं ठेवून काही साधत नाही. तो आपल्याकडे राहणार आहे, तेव्हा त्याच्याखाली राहायचं कसं हे समजून घेतलेलं बरं.

कौल आणि पत्रा यांत एक फरक आहे, जो बदल करताना कुणाच्या ध्यानात येत नाही. मंगलोरी कौलांचं छप्पर श्वास घेतं. दर दोन कौलांमध्ये बारीक फट असते, आणि अख्ख्या पाखीत अशा शेकडो फटी. चुलीचा धूर आढ्यापाशी जमून त्या फटींतून हळूहळू बाहेर पडतो, हे कोकणात वाढलेल्या प्रत्येकानं पाहिलेलं आहे. धुराबरोबर गरम हवाही जायची. माळवदाच्या घरालाही धूर जाण्यासाठी वर भोक ठेवलेलं असायचं. पत्रा एकसंध. त्याचे जोड एकावर एक चढवलेले, स्क्रूखाली रबरी वायसर, आढ्यावर वाकवलेली टोपी. पाणी आत येऊ नये म्हणून केलेल्या या व्यवस्थेतून हवाही बाहेर जाऊ शकत नाही. त्यावर कडी करतो तो आपला गवंडी. पन्हळी पत्रा भिंतीवर टेकतो तिथं पन्हळींमुळे अर्धवर्तुळाकार फटींची रांग तयार होते. पाल येते, साप येतो, धूळ येते म्हणून घरमालक सांगतो आणि गवंडी सिमेंटचा माल कोंबून ती रांग बुजवून टाकतो. घर तिथंच बंद होतं.

आता पहिली उष्णता, म्हणजे हवेची.

दुपारी सूर्य डोक्यावर असताना एका चौरस मीटरवर हजार वॅटच्या आसपास ऊर्जा पडते. गंजलेला किंवा गडद रंगाचा पत्रा त्यातली बरीचशी शोषून घेतो आणि साठ-पासष्ट अंशांपर्यंत सहज तापतो. त्याला लागलेली हवा तापते, हलकी होते आणि वरच थांबते, कारण तिला जायला जागा नसते. थरावर थर साचत जातो आणि संध्याकाळपर्यंत तो गरम थर खाटेवर बसलेल्या माणसाच्या डोक्यापर्यंत उतरलेला असतो. अशा वेळी छताचा पंखा सुरू केला की तो हाच थर ढवळून खाली ढकलतो. पंख्याखाली बसून अंग भाजतंय ही तक्रार अगदी खरी असते.

गरम हवा बाहेर काढायला वीज लागत नाही, दोन भोकं लागतात. एक खाली, एक वर. खालच्या भोकातून बाहेरची हवा आत येते, वरच्यातून गरम हवा निघून जाते. या दोन भोकांमध्ये जेवढी उंची जास्त आणि आत-बाहेरच्या हवेत जेवढा तापमानाचा फरक जास्त, तेवढा ओघ जोराचा. पण ही ताकद फार मोठी आहे असं कुणी समजू नये. दोन भोकांमध्ये दीड मीटर, म्हणजे पाच फूट अंतर आहे आणि आतली हवा बाहेरच्यापेक्षा दहा अंशांनी गरम आहे असं धरलं, तर हवेला ढकलणारा दाब निघतो अर्धा पास्कल. इतक्या नाजूक दाबापुढे साधी मच्छरजाळीसुद्धा मोठा अडथळा असते. म्हणून जाळी बसवायची असेल तर भोक दुप्पट ठेवावं, आणि दर काही महिन्यांनी जाळीवरची धूळ झाडावी. उंदीर-पाखरांपुरतीच भीती असेल तर अर्ध्या इंचाची वेल्डमेश पुरते, ती हवा फारशी अडवत नाही.

एक हिशेब करून पाहू. दहा बाय बाराची खोली, सरासरी उंची नऊ फूट. तिच्यात हवा साधारण तीस घनमीटर. एक चौरस फुटाचं भोक खाली, तेवढंच वर, मधलं अंतर पाच फूट, तापमानातला फरक दहा अंश. अशा स्थितीत तासाला सव्वाशे ते दीडशे घनमीटर हवा वाहते. म्हणजे खोलीतली सगळी हवा तासात चार-पाचदा बदलते. ऐकायला हे छान वाटतं, आणि बंद घराच्या मानानं ते चांगलंच आहे. भोकं दुप्पट केली तर ओघही जवळपास दुप्पट होतो. उंची दुप्पट केली तर मात्र दीडपटीपर्यंतही जात नाही. म्हणून घर उंच बांधण्यापेक्षा वरचा झरोका मोठा ठेवणं स्वस्त पडतं.

पण आता या ओघानं उष्णता किती नेली ते पाहा. तेवढी हवा दहा अंशांनी तापून बाहेर गेली तर ती आपल्याबरोबर साधारण चारशे वॅट उष्णता घेऊन जाते. आणि त्या खोलीवरचा एकशेवीस चौरस फुटांचा तापलेला, जुना पत्रा खाली सोडतो ती उष्णता दोन हजार वॅटच्या आसपास असते. म्हणजे झरोक्यानं पाचवा हिस्सा बाहेर काढला. बाकीची घरातच राहिली. टर्बो व्हेंटिलेटर बसवला, एक्झॉस्ट लावला आणि तरी फारसा फरक पडला नाही असं लोक सांगतात, त्याचं उत्तर या आकड्यांत आहे.

कारण दुसरी उष्णता हवेतून येतच नाही. तापलेला पत्रा खालच्या बाजूनं किरण सोडतो. ते दिसत नाहीत, पण जिथं पडतात ती वस्तू तापवतात. खाट, भिंत, भांडी, पाळण्यातलं मूल, काहीही. वारा कितीही असला तरी हे किरण त्याला जुमानत नाहीत. त्यांना अडवायला मध्ये काहीतरी आडवं धरावं लागतं. दुसरा थर, म्हणजे पत्र्याच्या खाली छत.

आणि इथं या दोन गोष्टी एकमेकींना भेटतात. नुसतं छत ठोकलं आणि वरची पोकळी बंद ठेवली, तर पोकळीतली हवा तापत जाते, ती छताला तापवते आणि तासा-दोन तासांत छतही खाली किरण सोडू लागतं. नुसतं वायुवीजन ठेवलं आणि छत नसलं तर किरण सरळ अंगावर. छत असावं आणि त्याच्यावरची पोकळी वाहती असावी. पत्र्यानं किरण सोडावेत ते छताच्या पाठीवर, छताच्या पाठीवरची उष्णता पोकळीतल्या हवेनं उचलावी आणि आढ्यातून बाहेर न्यावी. पत्र्याच्या घराचं सगळं शास्त्र या एका वाहत्या पोकळीत आहे, असं माझं ठाम मत आहे.

याचा पुरावा पाहायला लांब जायला नको. गळती थांबवायला स्लॅबच्या वर पत्र्याची शेड टाकलेल्या इमारतींत सर्वांत वरच्या मजल्यावर राहणाऱ्यांना विचारा. पाणी थांबलंच, पण उन्हाळाही सुसह्य झाला, असं ते सांगतील. तिथं स्लॅब म्हणजे छत, पत्रा म्हणजे वरचं छप्पर आणि मधली पोकळी चारही बाजूंनी उघडी. कुणी मुद्दाम आखलेलं नसताना उत्तम रचना झाली. तीच शेड पुढे चारही बाजूंनी बंद करून खोली केली की वरचा माणूस भाजून निघतो. पत्रा तोच असतो.

छत कशाचं करावं, हा प्रश्न खिशाप्रमाणे सोडवता येतो. बांबूच्या चटया किंवा तट्ट्या, तुराट्यांवर पातळ मातीचा लेप, प्लायवुड, पीव्हीसीच्या पट्ट्या, जिप्समचे बोर्ड, यांपैकी काहीही किरण अडवतं. थर्माकोलला माझा विरोध आहे. तो स्वस्त आहे, हलका आहे, उष्णताही अडवतो, पण पेटला तर वितळून जळते थेंब खाली पडतात आणि धूर विषारी असतो. स्वयंपाक होतो त्या खोलीत तर तो नकोच. वेफरच्या पाकिटासारखी चकाकणारी फॉइलची बबल शीटही हल्ली सगळीकडे मिळते. ती गुणाची आहे, पण ती कशी चालते हे न कळता लावली जाते. चकचकीत ॲल्युमिनियम किरण जवळजवळ सोडतच नाही, हा तिचा गुण. मात्र तो दिसायला चकचकीत बाजूसमोर किमान इंचभर मोकळी हवा लागते. पत्र्याला चिकटवून टाकली तर त्या बाजूचा गुण संपला. दुसरं असं की वर तोंड करून ठेवलेल्या फॉइलवर वर्षभरात धूळ बसते आणि धूळ बसली की चकाकी गेली. म्हणून चकचकीत बाजू खाली, मोकळ्या हवेकडे ठेवावी. आणि फॉइलमधून वीज वाहते. तिच्यावरून उघडी वायर नेऊ नये, पाइपातूनच न्यावी. पत्र्याच्या घरात वायरिंगची ही काळजी तशीही हवीच.

पोकळीत हवा कशी फिरते हे जरा जवळून पाहू, कारण चुका इथंच होतात. पत्रे ज्या आडव्या पाइपांवर किंवा अँगलवर टेकतात, ज्यांना फॅब्रिकेटर पर्लिन म्हणतो, त्या आढ्याला समांतर असतात. हवेला जायचं असतं वळचणीकडून आढ्याकडे, म्हणजे पर्लिनला आडवं. छत थेट पर्लिनच्या पोटाला ठोकलं तर प्रत्येक दोन पर्लिनमध्ये एक बंद कप्पा होतो. हवेला पुढच्या कप्प्यात जायला उरतात फक्त पन्हळींचे उंचवटे, जे पर्लिनच्या वरून पुढे जातात. तेवढी वाट अगदीच अपुरी. त्यामुळे छत पर्लिनपासून चार-सहा इंच खाली सोडावं, किंवा कैचीच्या खालच्या दांडीला सपाट बांधावं, म्हणजे वर तिकोनी माळा सुटतो आणि हवा मोकळी फिरते.

खालचा रस्ता वळचणीपाशी. साध्या पन्हळी पत्र्याची पन्हळ पाऊण इंचाच्या आसपास खोल असते. बारा फुटांच्या भिंतीवर त्या सगळ्या फटी मिळून चौरस फुटाचा तिसरा हिस्सा भरतो. म्हणजे न बुजवता सोडल्या तरी पुरेशा नाहीत, पण फुकटच्या आहेत. भिंत आणि पत्रा यांच्यात दोन-तीन इंच उंचीची सलग फट ठेवून तिला वेल्डमेश लावली तर बारा फुटांत दोन-तीन चौरस फूट मिळतात. वळचण फूटभर बाहेर आलेली असेल तर उभा पाऊस तिथून आत येत नाही. आडव्या पावसाच्या प्रदेशात फटीच्या बाहेर एक वाकवलेली पट्टी लोंबती सोडावी. हवा तिच्या खालून वळसा घालून येते, पाण्याचा शिंतोडा येत नाही.

वरचा रस्ता आढ्यावर. नेहमीच्या पद्धतीत दोन्ही पाखींचे पत्रे आढ्यापाशी जुळतात आणि त्यांवर टोपी दाबून बसवली जाते. त्याऐवजी दोन्ही बाजूंचे पत्रे आढ्यापासून दोन-दोन इंच मागे थांबवावेत आणि टोपी लहान तुकड्यांवर दोन-तीन इंच उचलून बसवावी. टोपी दोन्ही अंगांना नऊ ते बारा इंच खाली उतरलेली हवी. त्या उचललेल्या टोपीखालून गरम हवा दोन्हीकडे निघून जाते, आणि वारा कुठूनही आला तरी एक बाजू आडोशाची राहते. बारा फुटांच्या आढ्याला चार चौरस फुटांचा मार्ग मिळतो. फॅब्रिकेटरला हे अवघड नाही. त्याला फक्त पत्रे कापायच्या आधी सांगावं लागतं.

आपल्याकडची बहुतेक छोटी घरं मात्र एकाच उताराची असतात. त्यांना आढं नाही. तिथं उंच भिंतीच्या माथ्यावर, पत्र्याच्या लगेच खाली, लांबच लांब झरोका ठेवायचा आणि त्यावर पत्रा फूट-सव्वा फूट बाहेर काढायचा. महाराष्ट्रात पावसाळी वारा नैऋत्येकडून येतो, तेव्हा शक्य असेल तिथं घराची उंच बाजू त्या वाऱ्याकडे करू नये. भिंतीत एक हात खाली ठेवलेली खिडकी या कामाची नाही. तिच्या वरची हवा कोंडलेलीच राहते. झरोका म्हणजे अगदी पत्र्याला भिडलेला.

फिरत्या घुमटाचा टर्बो व्हेंटिलेटर कारखान्यांच्या छपरांवर शोभतो आणि तिथं तो कामाचाही आहे, कारण खाली मोठी शटरं उघडी असतात. घरावर तो बसवायला हरकत नाही, पण दोन गोष्टी लक्षात घ्याव्यात. बाहेरच्या वाऱ्यानं तो फिरतो, त्यामुळे फिरताना दिसला म्हणजे आतली हवा निघतेच आहे असं नाही. खाली हवा यायला वाट नसेल तर तो नुसता फिरतो. चोवीस इंची गळ्याच्या व्हेंटिलेटरला तीन चौरस फुटांहून जास्त वाट लागते, आणि दारं बंद केलेल्या खोलीत ती नसते. दुसरं, छत असेल तर त्याचा गळा पोकळीत उघडायला हवा. छताला भोक पाडून तो खोलीत आणला तर पोकळी तशीच तापत राहते. वीज न लागणारी, न गंजणारी, कधी न अडकणारी उचललेली टोपी मला घरासाठी केव्हाही जास्त भरवशाची वाटते.

आपण ठेवलेली भोकं खरंच काम करतात का, हे उदबत्तीनं कळतं. दुपारी एक पेटती उदबत्ती खालच्या जाळीपाशी धरा. धूर आत ओढला गेला पाहिजे. मग तीच वरच्या झरोक्यापाशी धरा. धूर बाहेर गेला पाहिजे. वरच्या झरोक्यापाशी धूर नुसता घुटमळत असेल तर खालची वाट कमी पडते आहे. उलट आत येत असेल तर झरोका वाऱ्याच्या तोंडावर आहे, समोरच्या बाजूलाही तसाच एक ठेवा. पाच मिनिटांची ही परीक्षा कुठलंही यंत्र विकत घेण्याच्या आधी करावी.

आता प्रदेशाचा प्रश्न. चंद्रपूर, अकोला, जळगाव, परभणीकडे मे महिन्यात बाहेरची हवाच पंचेचाळीस अंशांवर गेलेली असते. ती दुपारी खोलीत घ्यायची कशाला? छत नसलेल्या घरात घ्यावीच लागते, कारण पत्र्याखालची हवा तिच्याहूनही गरम असते. पण छत असेल तर व्यवहार बदलतो. छताच्या वरची पोकळी रात्रंदिवस उघडी, आणि छताच्या खालच्या खिडक्या दुपारी लावलेल्या, पडदे ओढलेले. सूर्य मावळला की पत्रा अर्ध्या तासात निवतो. त्याच्या अंगात उष्णता धरून ठेवायला वस्तुमानच नाही. पण विटांच्या भिंती तापलेल्या असतात, त्या रात्री बारापर्यंत उष्णता सोडत राहतात. तेव्हा रात्री सगळं उघडायचं, वरही आणि खालीही. चोरीच्या धास्तीनं दार-खिडकी उघडी ठेवता येत नाही, ही खरी अडचण आहे. तिच्यावर उपाय म्हणजे भिंतीत फूटभर उंचीवर पक्क्या गजाची, जाळीची खिडकी बांधतानाच ठेवणं. खालच्या जाळीचा आणखी एक उपयोग असा की सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड असतो. गळला तर तो जमिनीलगत पसरतो आणि वरच्या झरोक्यातून कधीच जात नाही. त्याला खालूनच वाट हवी.

कोकणात आणि मुंबईत हवा तितकी तापत नाही, पण दमट असते. तिथं घाम वाळायला अंगावरून वारा जायला हवा, म्हणून खोली दिवसभर उघडी राहिलेली बरी.

उन्हाळा सगळ्यांना आठवतो, हिवाळ्याची गोष्ट मात्र दुर्लक्षित राहते. निफाड, नाशिक, गोंदियाकडे जानेवारीत पहाटे पत्र्यातून थेंब पडतात. अंथरूण ओलं होतं. लोकांना वाटतं पत्रा गळतोय, आणि ते डांबर घेऊन वर चढतात. पाऊस नसताना पत्रा गळेल कसा? निरभ्र रात्री पत्रा मोकळ्या आभाळाकडे उष्णता सोडून हवेपेक्षाही गार होतो, आणि आतली वाफ त्याला लागून पाणी होते. ही वाफ माणसांची असते. झोपलेला माणूस श्वासातून आणि त्वचेतून तासाला चाळीसेक ग्रॅम पाणी सोडतो. पाच माणसं, आठ तास, म्हणजे दीड लिटरहून जास्त. आणि पंधरा अंशांच्या तीस घनमीटर हवेत मावते फक्त चारशे ग्रॅमच्या आत-बाहेर वाफ. उरलेलं पाणी पत्र्यावर जमतं, उतारानं ओघळतं आणि पर्लिनपाशी अडून टपकतं. स्क्रूभोवती गंज धरतो तोही आतून. थंडी वाजते म्हणून वरचे झरोके चिंध्या कोंबून बंद करणं हा त्यावरचा उपाय नाही, ते कारण आहे. थंडीत खालच्या जाळ्या निम्म्या झाकाव्यात, वरचे झरोके उघडेच ठेवावेत.

वाऱ्याबद्दल गंभीरपणे सांगायला हवं, कारण भोकं ठेवताना इथं चूक झाली तर छप्परच जातं. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ श्रीवर्धन-दिवेआगरच्या किनाऱ्यावर आलं आणि रायगड-रत्नागिरीतल्या हजारो घरांचे पत्रे गेले. ताशी एकशेदहा किलोमीटरचा वारा छपरावरून जाताना चौरस मीटरला पन्नास किलोहून जास्त ताकदीनं पत्रा वर ओढू शकतो. पत्र्याचं स्वतःचं वजन चार किलो. त्यात वाऱ्याच्या बाजूला मोठं भोक आणि दुसरीकडे वाट नाही अशी स्थिती असेल तर आत शिरलेला वारा खालूनही पत्रा उचलतो. म्हणून झरोके समोरासमोर असावेत, आढ्याला वाट असावी, वळचण दीड फुटापेक्षा जास्त बाहेर काढू नये आणि कडेच्या, आढ्याजवळच्या रांगेत स्क्रू किंवा जे-बोल्ट दाट मारावेत. पत्रा पर्लिनला घट्ट, पर्लिन कैचीला घट्ट आणि कैची भिंतीला घट्ट असली तरच छप्पर टिकतं. पत्र्यांवर दगड आणि टायर ठेवून भागत नाही, वादळात तेच दगड शेजाऱ्यावर जातात.

पांढऱ्या रंगाचा उल्लेख केला नाही तर हे अपुरं राहील. पत्र्याला वरून पांढरा परावर्तक रंग दिला तर तो मुळात तापतोच कमी. स्वस्तातला हा सर्वांत चांगला उपाय आहे, आणि अहमदाबादेत वस्त्यांमधून तो मोठ्या प्रमाणावर करून पाहिला गेला आहे. चुना मात्र पत्र्यावर टिकत नाही, पहिल्या पावसात धुऊन जातो, आणि ओला चुना जस्ताच्या थराला मानवतही नाही. ॲक्रिलिक रंग द्यावा, आधी गंज घासून. रंगामुळे पोकळीची गरज संपत नाही, कारण धूळ बसून पांढरेपणा दरवर्षी कमी होत जातो आणि हिवाळ्यातल्या वाफेवर रंगाचा काही इलाज नाही.

एक सक्त सूचना. घरावर जुना सिमेंटचा पत्रा असेल तर झरोक्यासाठी तो कापू नका, त्याला ड्रिल मारू नका. त्यात ॲस्बेस्टॉस असतं आणि कापताना उडणारे तंतू फुप्फुसात कायमचे बसतात. तिथं भिंतीतच वाट काढावी.

जिथं घर उभं आहे आणि हातात पैसे थोडे आहेत, तिथं कामाचा क्रम मी असा सांगेन. आधी भिंतीच्या माथ्यावर बुजवलेल्या फटी छिन्नीनं मोकळ्या करा आणि जाळी लावा. मग खाट असते तेवढ्या भागावर तरी चटईचं छत बांधा, पत्र्यापासून हातभर खाली, दोन्ही टोकं उघडी ठेवून. मग रंग. आढ्याची टोपी उचलण्याचं काम पावसाळ्यानंतर, माहीतगार माणसाकडूनच करून घ्या. स्क्रू नेहमी पन्हळीच्या उंचवट्यावर, खोलगट भागात कधीही नाही.

दुपारी पत्र्याच्या घरात कोण असतं? कमावती माणसं कामावर असतात. घरात असतात म्हातारी माणसं, बाळंतीण, तान्ही मुलं आणि आजारी. उष्णतेचा सर्वांत जास्त त्रास ज्यांना होतो नेमके तेच. प्रधानमंत्री आवास योजनेतलं ग्रामीण घरकुल किमान पंचवीस चौरस मीटरचं असावं लागतं. तेवढ्याशा जागेत झरोक्याचा खर्च म्हणजे चार फूट जाळी आणि गवंड्याचा अर्धा दिवस. बांधकाम पाहायला येणाऱ्या अभियंत्यांना आणि ग्रामसेवकांना माझी विनंती आहे: छपराचा टप्पा तपासायला याल तेव्हा शिडी लावून भिंतीच्या माथ्यावर एकदा पाहा, आणि गवंड्यानं पत्र्याखालची फट बुजवली असेल तर ती तुमच्या समोर उघडून घ्या.